नेपाळच्या अनाथाश्रमात एवढी मुलं आली कुठून?

सुट्टीत परदेशात जायचं, अनाथाश्रमात पंधरा दिवस मुलांना शिकवायचं, फोटो टाकायचे, परत यायचं. हे बरोबर की चूक यावर बोलण्याआधी नेपाळात काय झालं ते बघा, मला तर वाचून संतापच आला.

अशा परदेशी सेवेची सुरुवात चांगली होती. ब्रिटनमध्ये १९५८ ला स्वयंसेवकांना परदेशात पाठवणारी व्हीएसओ ही संस्था निघाली, अमेरिकेत राष्ट्राध्यक्ष केनेडींनी १९६१ ला तसंच सरकारी पीस कोअर काढलं आणि पुढच्याच वर्षी त्यांची पहिली तुकडी नेपाळात आली, पण ती माणसं दोन-दोन वर्षं राहायची, भाषा शिकायची. १९९० नंतर याचं टूर पॅकेज झालं, दोन आठवडे, खर्च तुमचा, अनुभव नसला तरी चालेल.

आणि तिकडे १९९६ ते २००६ माओवाद्यांचं युद्ध. वायव्येच्या डोंगरातला हुमलासारखा जिल्हा, गाडीरस्ता नाही, शाळा असून नसल्यासारख्या, वर माओवादी पोरं उचलून नेतील ही भीती. मग दलाल यायचा, काठमांडूत चांगल्या शाळेत घालतो म्हणायचा आणि आईबाप कर्ज काढून, जमीन विकून त्याला पैसे द्यायचे. पोरगं जायचं अनाथाश्रमात, आणि कागदावर आईबाप मेलेले! युद्ध थांबलं पण हा धंदा काही थांबला नाही, कारण आता देणगी देणारे पाहुणे येत होते. आश्रम बघा कुठे आहेत, बहुतेक सगळे काठमांडू खोऱ्यात, पोखऱ्याकडे आणि चितवनला, म्हणजे जिथे टुरिस्ट तिथे. आश्रम रिकामा तर देणगी बंद, म्हणून पोरं आणायची, आणि काही ठिकाणी तर मुद्दाम उपाशी, फाटक्या कपड्यात ठेवायची, दया यावी म्हणून.

२०१५ च्या भूकंपानंतर दलाल पुन्हा फिरायला लागले तेव्हा सरकारनं पालकांशिवाय मुलांना जिल्ह्याबाहेर न्यायला बंदी घातली. आश्रमातल्या ८५ टक्के मुलांचे आई किंवा वडील, निदान एक तरी जिवंत आहेत हे युनिसेफनं तेव्हाच सांगितलं. ऑस्ट्रेलियानं २०१८ ला आधुनिक गुलामगिरीविरुद्ध कायदा करताना पोरांना असं आणून आश्रमात ठेवण्याचा प्रकारही त्यात धरला आणि २०१९ ला संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या ठरावातही अनाथाश्रमातल्या व्हॉलंटियरिंगमुळे होणाऱ्या नुकसानाचा उल्लेख आला.

सगळ्यात अवघड काम राहतं ते पोरांना घरी पोचवायचं. नावं-आडनावं बदललेली, कागद खोटे, लहानपणीच नेलेल्या पोराला गावही आठवत नाही, त्यामुळे संस्थांची माणसं फोटो घेऊन डोंगरात दिवसदिवस चालत गावोगाव विचारत फिरतात.