समकालीन भयकथा : लेखकांचा शोध

वाचकाला घाबरवणे, निदान अस्वस्थ करणे हाच जिचा मुख्य हेतू, ती भयकथा. मराठीत तिला सर्रास गूढकथाही म्हणतात. पण गूढ उकलल्यावर भीतीही विरून गेली, तर ती गोष्ट भयकथा म्हणून फसलीच. ‘समकालीन’ म्हणताना साधारणपणे एकविसाव्या शतकातले लेखन धरतात.

या प्रकारात नवा लेखक हाती लागणे कठीण, कारण एकाची झोप उडवणारी गोष्ट दुसऱ्याला जांभई आणते. त्यात प्रत्येक शिफारस फिरून स्टीव्हन किंग या गाजलेल्या अमेरिकी भयलेखकापाशीच येऊन थांबते. यावर चांगला उपाय म्हणजे अनेक लेखकांचे एकत्रित कथासंग्रह. भीती लघुकथेत जास्त टिकते. चारशे पाने वाचकाचा श्वास रोखून धरणे भल्याभल्यांना जमत नाही. एलेन डॅटलो या संपादिकेची ‘द बेस्ट हॉरर ऑफ द इयर’ ही वार्षिक मालिका २००९ पासून निघते. त्यातल्या दहा कथांपैकी दोन जरी अंगावर आल्या, तरी दोन लेखक सापडले म्हणायचे.

पुरस्कारांच्या याद्याही कामी येतात. ब्रॅम स्टोकर पुरस्कार १९८७ सालच्या साहित्यापासून दिला जातो आणि अंतिम निवड भयलेखकांच्या संघटनेच्या सभासदांच्या मतांनी होते. स्मृतिचिन्ह म्हणजे एक छोटासा झपाटलेला वाडा. त्याचे इवलेसे दार उघडले की आत विजेत्याचे नाव. शर्ली जॅक्सन पुरस्कार मात्र परीक्षक ठरवतात, त्यामुळे त्याचा कल मानसिक भयाकडे आणि कमी गाजलेल्या लेखनाकडे दिसतो. स्टीव्हन ग्रॅहम जोन्स यांच्या ‘द ओन्ली गुड इंडियन्स’ (२०२०) या कादंबरीला दोन्ही मिळाले. तीत ब्लॅकफीट या अमेरिकेतल्या मूलनिवासी जमातीच्या चार मित्रांमागे त्यांनीच मारलेल्या एका गाभण एल्क (मोठ्या हरणाची एक जात) मादीचा सूड लागतो. विजेत्यापेक्षा नामांकनांची यादी वाचावी. खरा माल बहुधा तिथे असतो.

काही उत्तम भयलेखकांच्या पुस्तकांवर मात्र ‘भयकथा’ असा शिक्काच नसतो. समांता श्वेब्लिन (२०१७), मारियाना एन्रिकेझ (२०२१) आणि बोरा चुंग (२०२२) या तिघी आंतरराष्ट्रीय बुकर पुरस्काराच्या अंतिम यादीत आल्या त्या अनुवादित साहित्यिक म्हणून. श्वेब्लिन यांच्या ‘फीव्हर ड्रीम’ या कादंबरिकेच्या मूळ स्पॅनिश नावाचा अर्थ ‘बचावाचे अंतर’. मुलगी पोहण्याच्या तलावाकडे धावली तर आपण किती वेळात तिच्यापर्यंत पोहोचू, याचा हिशेब तिची आई क्षणोक्षणी मनात मांडत असते. भूत कुठेच नाही. आहे ते शेतीतले विष, आणि त्याच्यापुढे तो हिशेब निरुपयोगी ठरतो.

जुन्या आवडत्या लेखकाशी आज कोण भांडते आहे, हे पाहणे हीदेखील एक वाट. अमेरिकी भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) यांच्या कथांतला वंशद्वेष आता झाकून राहिलेला नाही. त्यांची ‘द हॉरर अॅट रेड हूक’ ही कथा व्हिक्टर लाव्हाल यांनी ‘द बॅलड ऑफ ब्लॅक टॉम’मध्ये (२०१६) पुन्हा सांगितली, तिचा पूर्वार्ध न्यूयॉर्कच्या हार्लेममधल्या एका कृष्णवर्णीय तरुणाच्या नजरेतून येतो. पुस्तक त्यांनी लव्हक्राफ्टनाच अर्पण केले आहे, मनातल्या साऱ्या उलटसुलट भावनांसकट.