अभंग तुकोबांचा, चाल कुणाची?

खानापूर-निपाणी पट्ट्यातली भजनी मंडळं हल्ली सप्ताहाचं भजन यूट्यूबवर टाकतात आणि कॉपीराइटचा दावा आला की चक्रावतात. तुकोबांच्या अभंगावर कसला हक्क? शब्दांवर कुणाचाच नाही. पण १९५७ च्या कायद्याप्रमाणे शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण यांचे हक्क वेगवेगळे. चालीवरचा हक्क संगीतकाराच्या हयातीत आणि त्यानंतर ६० वर्षं. ध्वनिमुद्रणावरचा प्रसिद्धीनंतर ६० वर्षं. म्हणजे १९६० साली निघालेली तबकडी २०२१ पासून मोकळी, तिच्यातली चाल मात्र अजून कुणाच्या तरी हक्कात असू शकते.

राग सगळ्यांचाच. भूप आणि देशकार, दोन्हींत सा रे ग प ध एवढेच स्वर. भूपात जोर गंधारावर, देशकारात धैवतावर. सुळेभावीत जन्मलेल्या कुमार गंधर्वांनी लोकधुनांतून नवे राग घडवले. ते कुणीही गावेत, पण त्यांत बांधलेली बंदिश ही त्यांची रचना. ‘सात सेकंदांपर्यंत चालतं’ हा नियम मात्र कायद्यात कुठेच नाही. उचललेला भाग छोटा का असेना, तो चालीचा गाभा आहे का, हे बघतात.

आता यंत्र मुद्रण कसं ओळखतं, ते. ध्वनीचा कंपनसंख्या-वेळ असा आलेख काढून त्यातली ठळक शिखरं निवडतात. दोन शिखरांच्या कंपनसंख्या आणि त्यांच्यातलं वेळेचं अंतर, अशा हजारो जोड्या म्हणजे त्या मुद्रणाचा ठसा. मंडपातल्या गोंगाटातही पुरेशा जोड्या शाबूत राहतात. पट्टी बदलली की मात्र गडबड होते: पेटीवर काळी एकवरून शेजारच्या पांढरी दोनवर गेलं की प्रत्येक कंपनसंख्या सुमारे ६ टक्क्यांनी वाढते आणि साधा ठसा जुळत नाही. स्वरांमधली गुणोत्तरं तीच राहतात, म्हणून कानाला चाल तीच वाटते. त्यासाठी चाल ओळखणारी वेगळी पद्धत असते. ती स्वरांमधली अंतरं मोजते. आठ स्वर आणि बारा मात्रा घेतल्या तर सुमारे ६,८७२ कोटी चाली होतात, पण गळ्याला सोप्या त्यातल्या थोड्याच. त्यामुळे योगायोगानं जुळणंही घडतं.

म्हणून दावा आला की आधी तो मुद्रणावर आहे की चालीवर, हे बघावं. तयार ट्रॅक लावून गायलं असेल तर मुद्रणाचा दावा खरा. स्वतःची पेटी, पखवाज आणि टाळ असतील तर तो खोडता येतो. दावेदाराला उत्तरासाठी ३० दिवस मिळतात आणि तो गप्प राहिला तर दावा सुटतो. चालीचा दावा असेल तर संगीतकार कोण आणि कधी वारले, हे आधी शोधावं. चाल खरोखर पारंपरिक असेल तर तसं स्पष्ट लिहावं आणि गावातलं एखादं जुनं मुद्रण पुरावा म्हणून जवळ ठेवावं.