कालव्यातलं लॉक लिओनार्दोचं नव्हे

पाण्याची पातळी बदलून नाव चढवणारं लॉक लिओनार्दो दा विंचीने शोधलं, असं अजून ठोकून दिलं जातं. तो मिलानला पोचला १४८२ च्या सुमारास. लॉक तिथे आधीच होतं. चीनमध्ये तर ९८४ सालीच!

चीनच्या महाकालव्यावर पाण्याची पातळी बदले तिथे नावा उतरणीवरून दोरांनी ओढत. त्यात त्या फुटत, आणि गोंधळात सरकारी धान्य चोरीला जाई. म्हणून च्याओ वेइयुए या अधिकाऱ्याने सुमारे ७५ मीटर अंतरावर दोन दरवाजे बसवले. नाव आत घ्यायची, मागचा दरवाजा खाली सोडून बंद करायचा, पाणी सोडून पुढची पातळी गाठायची. (चोरांनी स्थापत्यशास्त्राला लावलेला हातभारच म्हणायचा.)

लिओनार्दोच्या नावावर जमा आहेत ती दरवाजाची झापं: उंच पातळीच्या पाण्याकडे टोक करून मिटणारी जोडी, जिला पाण्याचा दाबच घट्ट आवळतो. पनामाच्या १९१४ च्या लॉकनाही अशीच झापं आहेत.