ईरी सरोवर

उत्तर अमेरिकेतील पंचमहासरोवरांपैकी सर्वांत दक्षिणेकडचे व सर्वांत उथळ गोड्या पाण्याचे सरोवर. उत्तरेस कॅनडाचा आँटॅरिओ प्रांत. इतर बाजूंना अमेरिकेची मिशिगन, ओहायओ, पेनसिल्व्हेनिया आणि न्यूयॉर्क ही राज्ये. लांबी सु. ३८८ किमी., क्षेत्रफळ सु. २५,७०० चौ. किमी.; सरासरी खोली मात्र जेमतेम १९ मी. सु. ८० टक्के पाणी डेट्रॉईट नदीतून येते आणि नायगारा नदीवाटे बाहेर पडते. सगळे पाणी पालटायला अडीच-पावणेतीन वर्षे पुरतात. म्हणून हे सरोवर लवकर बिघडते आणि उपाय झाले तर लवकर सावरतेही.

तळाचे तीन भाग पडतात आणि प्रत्येकाचे दुखणे निराळे. पूर्वेकडचा भाग ६४ मी.पर्यंत खोल, तुलनेने निरोगी. मधल्या भागात उन्हाळ्यात वर उबदार आणि तळाशी गार पाण्याचा थर बसतो. हा गार थर पातळ असल्याने त्यातला प्राणवायूचा साठा मुळातच थोडा; मेलेले शैवल तळाशी कुजू लागले की तो लिटरला २ मिलिग्रॅमखाली उतरतो. मग मासे तिथून पळ काढतात, आणि गाळात लोहाने धरून ठेवलेले स्फुरद (फॉस्फरस, शैवलाचे खाद्य) पुन्हा पाण्यात सुटते.

पश्चिमेकडचा भाग सरासरी ७ मी. इतकाच खोल. तिथे मॉमी नदी मका-सोयाबीनच्या पट्ट्यातून स्फुरद वाहून आणते. १९७२च्या अमेरिका-कॅनडा करारानंतर सांडपाण्यातले स्फुरद आटोक्यात आले आणि सरोवर सुधारले. पण १९९०च्या दशकाच्या मध्यापासून मायक्रोसिस्टिस या सायनोबॅक्टेरियाचा (शैवलासारख्या जीवाणूचा) हिरवा तवंग पुन्हा दिसू लागला. एकूण स्फुरदाचा आकडा पाहणाऱ्याला याचा उलगडा होत नाही. वाढले ते विरघळलेले स्फुरद, जे या जीवाणूच्या पेशी थेट शोषून घेतात. बिननांगरटीच्या शेतीने मातीची धूप थांबली हे खरे. पण वरून फोकलेले खत वरच्या काही सेंटिमीटरांतच साचते आणि वसंतातल्या जोरदार पावसात जमिनीखालच्या निचरा नळ्यांतून नदीला मिळते. मार्च ते जुलैमधली ही आवक पाहूनच त्या उन्हाळ्याच्या तवंगाचा अंदाज बांधतात.

वारा पडला की पेशी तरंगून वर येतात, वारा सुटला की खाली मिसळतात. त्यामुळे वाऱ्याच्या दिवशीच्या उपग्रह-चित्रात तवंग कमी दिसला तरी तो ओसरला असे समजू नये. ऑगस्ट २०१४मध्ये सरोवराचेच पाणी पिणाऱ्या ओहायओतील टोलेडो शहराच्या शुद्ध केलेल्या पाण्यात मायक्रोसिस्टिन हे या पेशींतले, यकृताला घातक विष लिटरला १ मायक्रोग्रॅमच्या मर्यादेपलीकडे आढळले; चार लाखांहून अधिक लोकांना सु. तीन दिवस नळाचे पाणी पिण्यास मनाई होती. उकळून उपयोग नव्हता: उष्णतेने हे विष नष्ट होत नाही, उलट वाफ गेल्याने पाण्यातले त्याचे प्रमाण वाढते. शुद्धीकरण केंद्रात शक्यतो पेशी अख्ख्या असतानाच गाळून काढतात, कारण क्लोरीन आधी घातले तर त्या फुटून विष पाण्यात उतरते. जे उतरले असेल ते सक्रिय कोळशाच्या भुकटीने शोषून घेतात.

२०१६मध्ये दोन्ही देशांनी पश्चिम व मध्य भागांत येणारे स्फुरद २००८च्या पातळीपेक्षा ४० टक्क्यांनी घटवण्याचे ठरवले. खत बियाण्याच्या ओळीत मातीखाली देणे आणि निचऱ्याचे पाणी पाणथळीतून सोडणे हे त्यावरचे मुख्य उपाय. त्यांचा गुण सावकाश येतो, कारण अनेक शेतांत मुरलेले जुने स्फुरद नवे खत थांबवले तरी वर्षानुवर्षे झिरपत राहते.