किडलात ताहिमिक: निःशब्द विजेची कारकीर्द

तागालोग भाषेत ‘किडलात’ म्हणजे वीज आणि ‘ताहिमिक’ म्हणजे निःशब्द. हे नाव घेतलेल्या फिलिपिनो दिग्दर्शकाचं मूळ नाव एरिक दे गिया. जन्म १९४२चा, बागियो या डोंगरावरच्या शहरातला. अमेरिकेतल्या व्हार्टनमधून एमबीए आणि मग पॅरिसमध्ये ओईसीडी या आंतरराष्ट्रीय आर्थिक संघटनेत नोकरी. सिनेमा यात कुठेच नव्हता.

तो आला एका फसलेल्या धंद्यातून. १९७२च्या म्युनिक ऑलिम्पिकमध्ये विकायला त्यांनी कपिझ शिंपल्यांच्या शोभेच्या वस्तू आणल्या होत्या. गोव्यातल्या जुन्या घरांच्या खिडक्यांना काचेऐवजी लावलेले असतात, तेच हे पातळ, दुधी शिंपले. माल खपला नाही आणि ते जर्मनीतच अडकले. तिथे कलाकारांच्या वसाहतीत राहिले आणि जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेरझोग यांच्या १९७४च्या चित्रपटात त्यांना छोटी भूमिका मिळाली.

१९७७मध्ये त्यांचा स्वतःचा पहिला चित्रपट आला, ‘मबाबांगोंग बांगुंगोत’, म्हणजे ‘सुगंधी दुःस्वप्न’. लेखक, दिग्दर्शक आणि नायक तेच. अमेरिकेच्या अंतराळ मोहिमांनी भारावलेला खेड्यातला जीपनीचा (फिलिपिन्समधल्या प्रवासी गाडीचा) चालक युरोपात जातो आणि तिथे त्याचा भ्रम उतरतो. अगदी तुटपुंज्या पैशांत केलेल्या या चित्रपटाला बर्लिन महोत्सवात समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. मला मात्र १९८१चा ‘तुरुंबा’ जास्त जवळचा वाटतो. गावच्या उत्सवासाठी कागदाच्या लगद्याची खेळणी करणाऱ्या कुटुंबाला म्युनिक ऑलिम्पिकची ऑर्डर मिळते आणि बघता बघता घराचा कारखाना होतो. स्वतःच्या न खपलेल्या मालाकडे त्यांनी अशा नजरेने पाहिलं, याचं मोल मोठं आहे.

त्यांचं सर्वांत लांबलेलं काम म्हणजे एन्रिकेची गोष्ट. पश्चिमेकडून आशियाकडे निघालेल्या पोर्तुगीज दर्यावर्दी मॅगेलनने त्याआधी, १५११च्या सुमारास, आजच्या मलेशियातल्या मलाक्कात विकत घेतलेला हा गुलाम पुढे त्याचा दुभाषा झाला. १५२१मध्ये मॅगेलन फिलिपिन्समधल्या माक्तान बेटावर मारला गेला. आपल्या मृत्यूनंतर एन्रिकेला मुक्त करावं, असं त्याने मृत्युपत्रात लिहून ठेवलं होतं. पृथ्वीप्रदक्षिणा पहिल्यांदा पुरी झाली ती कदाचित या गुलामाचीच, हा ताहिमिक यांच्या चित्रपटाचा गाभा. १९७९च्या सुमारास त्यांनी चित्रण सुरू केलं, एन्रिके स्वतःच साकारला. मग मुलं वाढवायची म्हणून काम बाजूला ठेवलं. दरम्यान बागियोत कलावंतांची संघटना उभारली आणि मांडणशिल्पं केली. २०१५मध्ये ‘बालिकबायान #१’ या नावाने चित्रपट बर्लिनला दाखवला गेला, तेव्हा जुन्या फिल्मवरचा काळ्या केसांचा एन्रिके आणि नव्या चित्रणातले पिकल्या केसांचे ताहिमिक एकाच पडद्यावर होते. २०१८मध्ये त्यांना ‘राष्ट्रीय कलावंत’ हा सन्मान मिळाला. एन्रिकेच्या चित्रपटाची आणखी एक आवृत्ती त्यांनी त्याआधीच केली होती.