२१७५ फुटांखालचं गाव

हिडकल धरणाच्या मागच्या अंगाला, दड्डीच्या बाजूला माझी आत्ती राहते. तिला लिहिता-वाचता येत नाही. पण उन्हाळ्यात मी बेळगावहून गेलो की तिचा पहिला प्रश्न ठरलेला असतो, "पेपरात बघितलास काय रे, आज किती फूट हाय पाणी?" धरणाची पूर्ण पातळी समुद्रसपाटीपासून २१७५ फूट, हे तिला पाठ आहे. तिच्या सासरची जमीन त्या आकड्याच्या खाली गेलीय. पाणी किती उतरलं यावर तिचं मे महिन्यापर्यंतचं सगळं गणित चालतं.

घटप्रभा सह्याद्रीत उगम पावते, चंदगडच्या मुलखातून वाहत बेळगाव जिल्ह्यात उतरते. हुक्केरी तालुक्यात हिडकलला तिला अडवलं आणि १९७७ साली धरण पुरं झालं. साठवण ५१ टीएमसी. एक टीएमसी म्हणजे सुमारे २,८३२ कोटी लिटर पाणी. त्यावर गोकाक, रायबागपासून पार बागलकोट जिल्ह्यापर्यंतची शेतं भिजतात. बेळगाव शहराला राकसकोप जलाशयाबरोबर हिडकलचंही पाणी येतं, म्हणजे माझ्या घरच्या नळातून आत्तीच्या शेतावरचंच पाणी पडतं. हे लिहिताना ते मला विसरता येत नाही.

पाणी खूप उतरलं की हुन्नूरचं विठ्ठल मंदिर वर येतं. लोक लांबून दर्शनाला येतात, फोटो काढतात. पण त्याच्या आजूबाजूला घरं का दिसत नाहीत, हा प्रश्न फार कमी जणांना पडतो. उत्तर मातीत आहे. आपल्याकडची जुनी घरं कच्च्या विटांची, नाहीतर मातीच्या भिंतींची. अशी वाळलेली भिंत पाण्यात बुडते तेव्हा पाणी तिच्या बारीक छिद्रांत शिरतं, आतली हवा कोंडते आणि तिच्या दाबानं माती ढेकळाढेकळानं सुटते. चिकणमातीचे कण पाणी पिऊन फुगतात, उन्हाळ्यात सुकले की आक्रसतात. दोन-चार पावसाळ्यांत भिंत विरघळून जाते. दगडाचं तेवढं राहतं, देऊळ, घरांची जोती, विहिरीचा कठडा. आत्ती आपलं शेत ओळखते ते विहिरीच्या कठड्यावरून. विहीर गाळानं भरलीय, पण कठडा जागेवर आहे. त्याच्यापासून पावलं मोजत ती जुना बांध दाखवते.

हा गाळ कुठून येतो? वाहत्या नदीच्या अंगात जोर असतो, त्या जोरावर ती वाळू-माती उचलून आणते. धरणाच्या साचलेल्या पाण्याला भिडली की तिचा वेग मरतो. जड वाळू आधी, फुगवट्याच्या तोंडाशीच बसते, बारीक गाळ पुढं सरकत राहतो. जगातल्या सगळ्या मोठ्या जलाशयांत असंच होतं, आणि त्यामुळं धरणाची पोटं हळूहळू भरत जातात. पाणी उतरेल तशी ही गाळाची जमीन उघडी पडते. तिच्यात ओल असते, कस असतो. पाण्यामागं सरकत तिथं काकडी, दोडका, मका करतात, त्याला गाळपेर म्हणतात. आत्तीचा मुलगा करतो. जमीन आता सरकारची, कसणारे हात जुन्या मालकाचे, आणि कागदावर हक्क कसलाच नाही. अवकाळी पाऊस झाला किंवा पातळी हलली तर कुणाकडं दाद मागायची सोय नाही.

गावं उठल्यावर माणसांचं काय होतं, याचा अभ्यास जगात बराच झालाय. आफ्रिकेत झांबेझी नदीवर करिबा धरण झालं तेव्हा ५७,००० टोंगा लोक उठले. एलिझाबेथ कोल्सन आणि थेयर स्कडर हे दोन मानववंशशास्त्रज्ञ १९५६ पासून, म्हणजे पाणी भरायच्या आधीपासून, त्यांच्याकडं जात राहिले, आणि पुढं कित्येक दशकं जातच राहिले. उठलेली माणसं पहिली काही वर्षं नवं काहीच करून बघत नाहीत, जुन्या सवयींना, जुन्या नात्यांना घट्ट धरून बसतात, असं त्यांना दिसलं. नव्या जागी रोवलेलं रोप काही दिवस मान टाकून उभं राहतं, तसंच हे. त्या वर्षांत माणूस आळशी झालेला नसतो. आधीच सगळं हललेलं असताना आणखी एक धोका पत्करायची ताकद त्याच्यात नसते, एवढंच.

पुढं १९९०च्या दशकात समाजशास्त्रज्ञ मायकल सेर्निया यांनी विस्थापितांना ग्रासणारे आठ धोके मांडले. जमीन जाणं, काम जाणं, घर जाणं, समाजात खाली ढकललं जाणं, अन्नाची ददात, वाढतं आजारपण, गायरान-नदीकाठासारख्या सामायिक गोष्टी हातच्या जाणं, आणि आठवा, माणसामाणसांतली वीण उसवणं. आत्तीला यातलं एकही नाव ठाऊक नाही. पण आठवा धोका ती एका वाक्यात सांगते, "भावकी तीन ठिकाणी गेली बघ, पैरा करायला माणूसच उरलं न्हाई."

पैरा म्हणजे आज तुम्ही माझ्या रानात राबा, उद्या मी तुमच्या. पैसा लागत नाही, हिशेब डोक्यात असतो, फेड पुढच्या पिढीपर्यंतही चालते. ही वीण किती मोठी असते ते साध्या गणितानं बघू. १०० घरांच्या गावात कुठल्याही दोन घरांच्या जोड्या होतात ४,९५०. त्याच गावाच्या २५-२५ घरांच्या चार वसाहती केल्या, तर एका वसाहतीत ३०० जोड्या, चारही मिळून १,२००. म्हणजे चारातल्या तीन जोड्या तुटल्या. सगळ्याच घरांचं एकमेकांशी जमत होतं असं नाही, पण अडीनडीला हाक मारता येईल असं अंतर होतं. घरटी माणूस एकही कमी न होता ते अंतर गेलं. याची भरपाई कुठल्या रकान्यात लिहायची?

भरपाईचा कायदा तर १८९४चा होता. उताऱ्यावर ज्याचं नाव, त्याला जमिनीचा बाजारभाव, वर थोडी टक्केवारी, संपलं. दुसऱ्याचं रान वाट्यानं करणारा, मजुरी करणारी बाई, गावाच्या आधारानं जगणारा लोहार-कुंभार यांची त्यात गणतीच नव्हती. बाजारभावसुद्धा जुन्या खरेदीखतांवरून काढायचा, आणि खरेदीखतात आकडा कमी दाखवायची रीत आपल्याकडं जुनी आहे. वर आणखी एक पेच पडतो. एक अख्खं खोरं एकाच वेळी पैसे घेऊन जमीन शोधायला निघालं की आसपासचे भाव चढतात. हातात आलेल्या पैशात गेली तेवढी जमीन येत नाही. मग त्यातून लग्नं होतात, कर्जं फिटतात, पत्र्याचं घर उभं राहतं आणि रक्कम संपते. लोकांना पैसा सांभाळता आला नाही, असं म्हणणाऱ्यांचा मला राग येतो. पाच पिढ्या जमीन सांभाळलेल्या माणसाला एका सकाळी नोटा दिल्या होत्या.

१ जानेवारी २०१४ला लागू झालेल्या नव्या भूसंपादन कायद्यानं त्या जमिनीवर तीन वर्षं पोट भरणाऱ्यांनाही बाधित मानलं, हे मोठं पाऊल. माणसांवर काय परिणाम होईल याचा अभ्यास आधी करायचा, असंही त्यात आलं. पण ज्या सिंचन प्रकल्पांना पर्यावरणाचा अभ्यास बंधनकारक आहे, त्यांना या सामाजिक अभ्यासातून सूट ठेवली. ज्या कामात सगळ्यात जास्त गावं बुडतात, तिथंच.

खालच्या अंगाला पाणी मिळालेल्यांचंही सगळं गोड नाही. कालव्याचं पाणी काळ्या रानात वर्षानुवर्षं मुरत राहिलं आणि निचरा नसला, की खालच्या पाण्याची पातळी वर येते. माती दिव्याच्या वातीसारखं ते पाणी वर ओढते, ऊन पाणी उडवतं आणि मीठ मागं राहतं. कृष्णाकाठच्या ऊसपट्ट्यात अशी पांढरी पडलेली रानं कुणीही दाखवेल. तरी तिथल्या माणसाच्या पायाखाली स्वतःची जमीन आहे.

गेल्या मेमध्ये संध्याकाळी आत्तीबरोबर खाली उतरलो. काकडीचे वेल जवळजवळ पाण्याला टेकले होते. तिनं पाण्याच्या काठावर एक काठी रोवली, परवाच्या काठीपासूनचं अंतर पायानं मोजलं. "अजून उतरतंय. पंधरा दिवस मिळतील," म्हणाली. मुलाला सांगून कठड्याच्या पलीकडं अजून दोन वाफे पाडून घेतले, आणि मला पिशवीभर काकड्या दिल्या.