कुसकुसाचे सॅलड

भिजवून किंवा वाफवून मोकळ्या केलेल्या कुसकुसात बारीक चिरलेल्या कच्च्या भाज्या, भरपूर हिरवा पाला, लिंबाचा रस आणि ऑलिव्ह तेल घालून थंड खायचा पदार्थ. कुसकुस उत्तर आफ्रिकेतल्या मगरेब प्रदेशाचा, म्हणजे मोरोक्को, अल्जीरिया, ट्युनिशिया, लिबिया आणि मॉरितानियाचा. सॅलडाची ही रीत घरोघरी रुजली ती फ्रान्समध्ये. आणि तिथे तिला नाव मिळाले ते तिसऱ्याच मुलखातले, लेबनॉन-सीरियाकडचे: ‘ताबुले’.

कुसकुस

पाकिटातले बारीक पिवळसर दाणे पाहून कुसकुस हे वरी-राळ्यासारखे एखादे धान्य असावे असे पुष्कळांना वाटते. तो शेतात पिकत नाही, हाताखाली वळला जातो. ड्युरम गव्हाचा रवा रुंद, उथळ परातीत पसरायचा, त्यावर मिठाच्या पाण्याचा हबका मारायचा, थोडे पीठ भुरभुरायचे आणि तळहात गोल गोल फिरवत राहायचे. रव्याच्या कणांभोवती पिठाचे पापुद्रे चढत जातात आणि दाणे तयार होतात. मग चाळणीने चाळून सारख्या आकाराचे दाणे वेगळे काढायचे, बारीक राहिलेले पुन्हा वळायचे आणि सगळे उन्हात वाळवायचे. मगरेबात बायका एकत्र जमून वर्षाची बेगमी अशीच करत आल्या आहेत. लग्नकार्याआधी गव्हले वळायला आळीतल्या बायकांना बोलावणे जायचे ते ज्यांनी पाहिले आहे, त्यांना हे चित्र परके वाटणार नाही. गव्हल्यात एकेक दाणा चिमटीत वळतात, कुसकुसात एका फिरवणीत शेकडो दाणे वळले जातात, एवढाच फरक. दोन्ही रितींचा एकमेकींशी इतिहासात संबंध नाही, पण हाताची बुद्धी तीच आहे.

ड्युरम म्हणजे कडक, काचेसारखा चकचकीत दाण्याचा गहू. महाराष्ट्रात तो बन्सी या नावाने ओळखीचा आहे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने त्याचे अनेक वाण काढले असून एमएसीएस ४०२८ हा त्यांपैकीच एक. या गव्हाच्या रव्याचे कण पाण्यात लवकर विरघळत नाहीत, म्हणूनच कुसकुसाचा दाणा वाफ पिऊन फुगतो तरी सुटा राहतो.

पारंपरिक रीत वाफवण्याची आहे. खाली रस्सा रटरटत असलेले भांडे, त्यावर भोकांच्या बुडाचे दुसरे भांडे, असा हा जोड असतो. वरच्या भांड्याला अरबीत ‘किस्कास’ म्हणतात. कुसकुस एकदा वाफवून परातीत ओततात, हाताने गुठळ्या मोडतात, तेल आणि मिठाचे पाणी चोळतात आणि पुन्हा वाफेवर चढवतात. असे दोनदा, बरेचदा तीनदा. शुक्रवारच्या नमाजानंतर एका मोठ्या थाळ्याभोवती बसून तो खाण्याची चाल मोरोक्कोत आजही आहे. या पदार्थाचे अमाझिघ भाषेतले नाव ‘सेक्सू’. अमाझिघ म्हणजे ज्यांना बाहेरचे लोक बर्बर म्हणत आले ते. तेराव्या शतकातल्या अंदालुसी, म्हणजे मुस्लिम अमलाखालच्या स्पेनमधल्या, पाकग्रंथांत कुसकुसाच्या कृती सापडतात. अल्जीरिया, मॉरितानिया, मोरोक्को आणि ट्युनिशिया या चार देशांनी मिळून केलेल्या अर्जावर २०२० मध्ये युनेस्कोने कुसकुसाचे ज्ञान आणि त्याच्या चालीरीती मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतल्या. आपापसांत बरेच वाद असलेल्या शेजाऱ्यांनी एका पदार्थासाठी एका कागदावर सह्या कराव्यात, ही मला फार मोलाची गोष्ट वाटते.

दुकानात मिळणारा कुसकुस कारखान्यात आधीच वाफवून वाळवलेला असतो. त्याला घरी फक्त उकळते पाणी आणि पाच मिनिटे लागतात. तीन वेळा वाफवण्याचा खटाटोप सॅलडासाठी कोणी केला नसता, त्यामुळे हा पदार्थ पसरला तो या पाकिटाच्या आधाराने, असे म्हणायला हरकत नाही.

नावाचा घोळ

लेबनॉन-सीरियातले खरे ताबुले हे मुळात पार्सलीचे, म्हणजे कोथिंबिरीसारख्या दिसणाऱ्या पाल्याचे, सॅलड आहे. पार्सलीच्या जुड्याच्या जुड्या हाताने बारीक चिरलेल्या, बरोबर पुदिना, टोमॅटो, कांदा, लिंबू, ऑलिव्ह तेल, आणि त्यात मूठभर बारीक बुलगूर, म्हणजे उकडून भरडलेला गहू. हिरव्यात कुठेकुठे दाणा दिसावा, असे ते प्रमाण. लेबनॉनमध्ये २००१ पासून जुलैचा पहिला शनिवार ताबुलेचा दिवस म्हणून पाळतात.

फ्रान्समध्ये हे प्रमाण उलटे झाले. अल्जीरिया १८३० पासून १९६२ पर्यंत फ्रान्सच्या ताब्यात होता आणि स्वातंत्र्यानंतर तिथले लाखो युरोपीय वसाहतवाले फ्रान्सला परतले. कामासाठी आलेले उत्तर आफ्रिकी मजूर तर आधीपासून होतेच. कुसकुस अशा वाटेने फ्रेंच स्वयंपाकघरात शिरला. लेबनॉनशीही पहिल्या महायुद्धानंतरच्या कारभारामुळे फ्रान्सचा संबंध होता. फ्रेंच ताबुलेत या दोन्ही ओळखी एकत्र आल्या: दाणा मगरेबचा, नाव आणि लिंबू-पुदिन्याची चव पूर्वेची. आज तिथल्या सुपरमार्केटात डब्यात मिळणारे ताबुले बहुतेक पिवळे दिसते, हिरवा ठिपका इथे-तिथे. लेबनीज माणसाला ते पाहून वाईट वाटते आणि ते साहजिक आहे. कुसकुसाचे सॅलड चांगलेच लागते, पण त्याला त्याच्या नावाने हाक मारावी.

मराठी स्वयंपाकघरात आणखी एक गल्लत होते, ती बुलगूर आणि लापशी रवा यांची. दोन्ही दिसायला सारखे. बुलगूर मात्र गहू आधी उकडून, वाळवून मग भरडलेला असतो, म्हणून बारीक बुलगूर नुसता भिजवून खाता येतो. आपला लापशी रवा कच्च्या गव्हाचा भरडा आहे. तो लिंबाच्या रसात कितीही भिजवला तरी कच्चाच राहील. वापरायचाच असेल तर शिजवून, पूर्ण निववून वापरावा.

खुद्द मगरेबातही कुसकुस नेहमी वाफाळताच खातात असे नाही. मोरोक्कोत उन्हाळ्यात तो थंडगार ताकात घालून खातात, त्याला ‘सायकूक’ म्हणतात. दहीभातावर वाढलेल्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. अल्जीरियाच्या काबिली भागात वसंत ऋतूत कोवळ्या भाज्या वाफवून, ऑलिव्ह तेल घालून कुसकुसात कालवतात. ‘अमेकफूल’ नावाच्या या पदार्थात भाजी आणि दाणा बरोबरीचे असतात आणि रस्सा नसतो. आजच्या सॅलडाचा खरा आप्त शोधायचा तर तो मला इथे दिसतो.

करण्याची रीत

या सॅलडाचे यश एकाच गोष्टीवर ठरते: पाणी. दाणा फडफडीत हवा आणि त्याला भाजीचा रस प्यायला जागा उरली पाहिजे. पाकिटावर लिहिलेले पाण्याचे प्रमाण गरम जेवणासाठी असते. त्या मापाने भिजवलेल्या कुसकुसात पुढे टोमॅटो-काकडीचे पाणी आणि लिंबू पडले की तासाभरात त्याचा गिचका होतो. म्हणून चार माणसांसाठी २०० ग्रॅम कुसकुस घ्यावा आणि एरवी २५० मिलिलिटर पाणी घातले असते तिथे २२० वर थांबावे.

कोरड्या कुसकुसाला आधी चमचाभर ऑलिव्ह तेल आणि मीठ चोळावे. तेलाचा हात लागला की दाणे एकमेकांना चिकटत नाहीत. मग उकळते पाणी सगळीकडे सारखे ओतून भांडे घट्ट झाकावे आणि सहा-सात मिनिटे हात लावू नये. झाकण काढल्यावर काट्याने वरून खाली असे मोकळे करत यावे. चमच्याने ढवळले तर दाणा मोडतो. मग सगळा कुसकुस परातीत पातळ पसरावा. खोल पातेल्यात तो आपल्याच वाफेने घामेजतो आणि खालचा थर बसतो. पूर्ण गार झाल्यावर दोन्ही तळव्यांत हलका चोळून राहिलेल्या गुठळ्या फोडाव्यात.

फ्रान्समधल्या अनेक घरांत गरम पाणी वापरतच नाहीत. कोरडा कुसकुस टोमॅटोचा रस, लिंबाचा रस आणि तेलात कालवून काही तास फ्रिजमध्ये ठेवतात. कुसकुस आधीच वाफवलेला असल्याने तो या रसातच फुगतो. वेळ हाताशी असेल तर ही रीत अधिक चांगली, कारण चव दाण्याच्या आत उतरते. गरम पाण्याच्या रितीत ती बरीचशी वरच राहते.

भाज्यांत काकडी, टोमॅटो, ढोबळी मिरची आणि पातीचा कांदा एवढे पुरेसे आहे. तुकडे हरभऱ्याच्या दाण्याएवढे. त्याहून मोठे झाले की कुसकुस एकीकडे आणि भाजी दुसरीकडे पडते. काकडीच्या बिया काढून, चिरून तिला मीठ लावून चाळणीत पंधरा मिनिटे ठेवावी. कोशिंबिरीला मीठ अगदी वाढायच्या वेळी घालतात ते पाणी सुटू नये म्हणून. इथे ते आधीच सोडवून घ्यायचे. हे पाणी आणि टोमॅटोच्या गाभ्याचा रस टाकू नये. तो गाळून त्यातच कुसकुस भिजवला तर तेवढे साधे पाणी कमी करता येते.

हिरवा पाला मोजताना हात आखडू नये. चपट्या पानांची पार्सली ५० ग्रॅम, पुदिना २० ग्रॅम हे किमान धरावे. धुतल्यावर पाने फडक्यावर पसरून खरोखर कोरडी करावीत, मग धारदार सुरीने एकदाच चिरावीत. ओली पाने बोथट सुरीखाली चेचली जातात, काळी पडतात आणि कडवटपणा येतो. मिक्सर तर नकोच, त्याने चटणी होईल. पार्सली मोठ्या शहरांतल्या मंडईत मिळते, लहान गावात नाही. तिथे कोथिंबीर घ्यावी आणि ही तडजोड आहे असे मनात आणू नये. मोरोक्कोच्या स्वयंपाकात पार्सली आणि कोथिंबीर जोडीनेच वापरतात, त्यांच्या ‘शरमूला’ या वाटणात दोन्ही असतात.

तीन मोठे चमचे ऑलिव्ह तेल, दोन मोठे चमचे लिंबाचा रस, ताजी मिरपूड, हवे तर चिमूटभर भरडलेले भाजके जिरे. आपले कागदी लिंबू भूमध्य समुद्राकाठच्या मोठ्या पिवळ्या लिंबापेक्षा जहाल असते, म्हणून परदेशी कृतीतले माप जसेच्या तसे उचलू नये. आधी तेल-लिंबू फक्त कुसकुसात मुरवावे, मग भाज्या, सर्वांत शेवटी पाला. झाकून अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवावे आणि वाढण्यापूर्वी मीठ-लिंबू पुन्हा चाखावे. थंडपणाने दोन्ही चवी दबतात.

उकडलेले छोले, बेदाणे, डाळिंबाचे दाणे, ऑलिव्ह, फेटा चीज असे काय काय घालतात. छोले आणि बेदाणे मगरेबाच्या कुसकुसात पूर्वापार आहेत, त्यांना इथे मान आहे. फेटाने सॅलड खारट आणि जड होते, मी घालत नाही. मोरोक्कोचे मिठात मुरवलेले लिंबू मिळाले तर त्याच्या सालीचे बारीक तुकडे अवश्य घालावेत. घरात नुसत्या मिठात घातलेले जुने लिंबू असेल तर तेही चालते. साखर-तिखटाचे लोणचे मात्र नको.

मोत्यांएवढ्या दाण्यांचा ‘इस्राएली कुसकुस’ हा वेगळा प्रकार आहे. १९५० च्या दशकात तिथे तांदळाच्या टंचाईत काढलेला हा भाजलेला पास्ता पाण्यात उकडावा लागतो. त्याचेही सॅलड होते, पण वरची रीत त्याला लागू पडत नाही.

पोषण आणि टिकाऊपणा

१०० ग्रॅम कोरड्या कुसकुसात सुमारे ३७६ किलोकॅलरी आणि १३ ग्रॅमच्या आसपास प्रथिने असतात. भिजल्यावर तितक्याच वजनात हे आकडे ११२ आणि ३.८ होतात, कारण उरलेले पाणी असते. गव्हाचा असल्याने ग्लूटेन न चालणाऱ्यांनी तो टाळावा. त्यांच्यासाठी पश्चिम आफ्रिकेकडे पाहावे: सेनेगलमध्ये कुसकुस बाजरीचा करतात, आणि ती बाजरी आपलीच बाजरी आहे.

सॅलड दोन तासांहून जास्त वेळ उघड्यावर ठेवू नये. भिजवलेल्या पिष्टमय पदार्थात जंतू लवकर वाढतात आणि आपल्याकडच्या उन्हाळ्यात त्याहूनही लवकर. फ्रिजमध्ये झाकून दोन-तीन दिवस टिकते. दुसऱ्या दिवशी दाणा अधिक मुरलेला असतो, पुदिना मात्र काळवंडतो. म्हणून डब्यासाठी करायचे असेल तर पुदिना वेगळा ठेवून सकाळी चिरून घालावा आणि वर थोडे लिंबू पिळावे.